रविवार, रात्री नऊ

१९९० साली अमोल पालेकरांचा ‘थोडासा रूमानी हो जाएँ’ आला. पावसाने पाठ फिरवलेल्या गावात नाना पाटेकरांचा बारिशकर उपटतो, पैसे घेऊन पाऊस पाडून देण्याची हमी देतो आणि लग्नाचं वय उलटत चाललेल्या बिन्नीला स्वतःकडे नव्याने बघायला लावतो. या चित्रपटावर जीव असलेले प्रेक्षक आपल्याकडे आजही भेटतात. त्याचं मूळ एन. रिचर्ड नॅश यांच्या ‘द रेनमेकर’ या नाटकात आहे, हेही त्यांतल्या बऱ्याच जणांना ठाऊक असतं. ते ब्रॉडवेवर १९५४मध्ये आलं, १९५६मध्ये कॅथरीन हेपबर्न आणि बर्ट लँकेस्टर यांना घेऊन चित्रपट झाला. पण या सगळ्याआधी, १९५३च्या ऑगस्टमधल्या एका रविवारी रात्री, ‘द रेनमेकर’ न्यूयॉर्कच्या एनबीसी वाहिनीवरून तासाभराचं टेलिव्हिजन नाटक म्हणून थेट प्रक्षेपित झालं होतं. त्या नाटकमालिकेचे निर्माते होते फ्रेड को.

संजय लीला भन्साळींच्या ‘ब्लॅक’ला ज्या नाटकाने वाट दाखवली, त्या ‘द मिरॅकल वर्कर’चे १९५९मधले ब्रॉडवेवरचे निर्मातेही हेच. १९६२च्या चित्रपटाचेही हेच. म्हणजे ज्या माणसाचं नाव आपण ऐकलेलं नाही, त्याने उभ्या केलेल्या गोष्टी दोनदा फिरून आपल्या चित्रपटगृहात येऊन गेल्या. अमेरिकेतही त्यांचं नाव फारसं कुणाला आठवत नाही. जॉन क्रॅम्पनर यांनी १९९७मध्ये त्यांचं चरित्र लिहिलं, त्याच्या शीर्षकातच त्यांना सावलीतला माणूस म्हटलं आहे. त्यांनी हाताशी धरलेले लेखक, दिग्दर्शक आणि नट मात्र जगभर गाजले. हे असं का झालं, याचं उत्तर शोधत पुढची पानं वाचावीत, असं मला वाटतं.

फ्रेड को यांचा जन्म १९१४चा, मिसिसिपी राज्यातल्या अ‍ॅलिगेटर नावाच्या खेड्यातला. वाढले टेनेसीतल्या नॅशव्हिलमध्ये. तिथल्या हौशी रंगभूमीवर काम करताना त्यांना डेल्बर्ट मान हा धाकटा मित्र मिळाला. पुढे येल विद्यापीठात नाट्यशिक्षण झालं, मग साउथ कॅरोलायनातल्या कोलंबिया शहरात टाउन थिएटर नावाची नगरनाट्यसंस्था त्यांनी काही वर्षं चालवली. असली संस्था चालवणारा माणूस नाटक बसवतोच, शिवाय पडदे टांगतो, तिकिटं विकतो, रुसलेल्या नटाची समजूतही काढतो. १९४५मध्ये ते एनबीसीच्या टेलिव्हिजन विभागात दाखल झाले तेव्हा ही शिदोरी त्यांच्याजवळ होती, आणि तेवढीच होती.

त्या वेळी त्या विभागात जाणं म्हणजे बढती नव्हे. मान, पैसा, श्रोते, सगळं रेडिओकडे. टेलिव्हिजनचे संच देशभरात काही हजार, तेही बहुतेक न्यूयॉर्कच्या आसपास आणि दारूच्या गुत्त्यांत, जिथे लोक मुष्टियुद्ध बघायला गोळा होत. ज्याला रेडिओत, ब्रॉडवेवर किंवा हॉलीवूडमध्ये जागा होती तो या खेळण्याकडे वळत नव्हता. त्यामुळे जागा नसलेल्यांना जागा मिळाली. को यांच्या पिढीचं हे भाग्य मोठं आहे, आणि ते त्यांच्या गुणांइतकंच महत्त्वाचं मानायला हवं.

१९४६मध्ये त्यांनी ‘लाइट्स आउट’ या रेडिओवर गाजलेल्या भयकथामालिकेचे काही प्रयोग टेलिव्हिजनसाठी केले. एका कथेत खुनी माणूस पडद्यावर दिसतच नाही. कॅमेराच खुन्याचे डोळे झालेला. बायकोची बडबड, जिना, शेजाऱ्यांचा कलकलाट, सगळं त्याच्या नजरेने. रंगमंचावर हे जमणार नव्हतं, रेडिओवर तर नाहीच. नाटकाच्या मांडवातून आलेल्या माणसाला या नव्या यंत्राचं स्वतःचं असं काय आहे याचा वास इतक्या लवकर लागला, हे मला त्यांच्या पुढच्या अनेक मोठ्या यशांपेक्षा अधिक बोलकं वाटतं.

३ ऑक्टोबर १९४८ला ‘फिल्को टेलिव्हिजन प्लेहाउस’ सुरू झालं. फिल्को ही फिलाडेल्फियाची रेडिओ बनवणारी कंपनी, आता टीव्ही संचही विकत होती. संच विकायचे तर संचात काहीतरी दिसायला हवं, असा सरळ हिशोब. पहिलं नाटक ‘डिनर अ‍ॅट एट’. सुरुवातीचं धोरण म्हणजे गाजलेल्या ब्रॉडवे नाटकांना तासाभरात बसवायचं. जानेवारी १९४९मध्ये होझे फेरर ‘सिरानो द बर्जराक’ घेऊन आले. पहिल्या हंगामात को हे निर्मातेही होते आणि दिग्दर्शकही, आठवड्यामागून आठवडा.

पण धोरण लवकरच अडलं. चांगल्या नाटकांचे हक्क हॉलीवूडच्या स्टुडिओंनी आधीच घेऊन ठेवलेले आणि टेलिव्हिजनला ते देण्याची त्यांची मुळीच इच्छा नव्हती. मग कादंबऱ्यांची रूपांतरं झाली. तीही साठवण संपत आली. दर रविवारी रात्री नऊला तासभर भरायचा होता, आणि वर्षाला चाळीस-पन्नास रविवार येतात. तेव्हा नवं लिहवून घेण्यावाचून गत्यंतर उरलं नाही. अमेरिकेच्या टेलिव्हिजन नाट्याचा तथाकथित सुवर्णकाळ हा असा हक्कांच्या टंचाईतून निघाला. को यांचं मोठेपण एवढंच, आणि ते थोडं नाही, की टंचाईत त्यांनी स्वस्त लेखणी शोधली नाही, कोवळी लेखणी शोधली.

पॅडी चायेफ्स्की, हॉर्टन फूट, टॅड मोझेल, रॉबर्ट अ‍ॅलन ऑर्थर, डेव्हिड शॉ, जे. पी. मिलर, समनर लॉक एलियट. यांतले बहुतेक तेव्हा तिशीच्या आगेमागे होते आणि बाहेर त्यांना फारसं कुणी विचारत नव्हतं. ही मंडळी को यांना ‘पॅपी’ म्हणत, म्हणजे घरातला बाप. वयाने ते चाळिशीच्याही अलीकडे होते तरी. लेखकाने दोन-चार वाक्यांत कल्पना सांगायची आणि को यांनी ‘लिही’ म्हणायचं, अशी बरीचशी कामं सुरू झाली. एकदा होकार दिला की लेखक आणि प्रायोजक यांच्या मध्ये ते उभे राहत. लेखकाने तालमीला यावं, वाक्य नटाच्या तोंडात बसत नसेल तर तिथेच बदलावं, दिग्दर्शकाने त्याला विचारल्याशिवाय काटछाट करू नये, हा त्यांचा शिरस्ता. हॉलीवूडमध्ये संहिता विकून घरी गेलेल्या लेखकाला हे स्वप्नवत वाटलं असतं. नॅशव्हिलचा जुना मित्र डेल्बर्ट मान याला त्यांनी १९४९मध्ये बोलावून घेतलं होतंच. पुढे आर्थर पेन आले. व्हिन्सेंट डोनेह्यू होते. माणसं निवडणं आणि मग त्यांच्या कामात लुडबूड न करणं, हे दोन्ही एकाच माणसाला साधणं दुर्मीळ. आपल्याकडच्या कुठल्याही जुन्या नाट्यसंस्थेचा इतिहास चाळावा, पहिलं जमलेले अनेक भेटतील आणि दुसरं जमलेले हाताच्या बोटांवर.

प्रत्यक्ष काम कसं चाले, हे जरा तपशिलात सांगायला हवं, कारण आज ते डोळ्यांसमोर येत नाही. दहा-बारा दिवस तालीम भाड्याच्या दिवाणखान्यात. जमिनीवर चिकटपट्ट्या लावून भिंती, दारं, पलंग आखायचे. शेवटचे दोन दिवस रॉकफेलर सेंटरच्या स्टुडिओत, खऱ्या नेपथ्यात, अवजड कॅमेऱ्यांसह. त्या वेळच्या कॅमेऱ्यांना प्रचंड उजेड लागे, त्यामुळे हिवाळ्यातल्या प्रसंगात ओव्हरकोट घातलेला नट घामाने निथळत असे. लेन्स बदलायची तर कॅमेऱ्याच्या तोंडावरची चकती फिरवायची, आणि ती फिरत असताना तो कॅमेरा प्रक्षेपणात नसेल याची खबरदारी कंट्रोल रूममध्ये बसलेल्या दिग्दर्शकाने घ्यायची. एका प्रसंगातून दुसऱ्यात जायला नटाला जाहिरातीचा वेळ मिळाला तर ठीक. नाहीतर एका कॅमेऱ्याने खिडकीतल्या कुंडीवर रेंगाळायचं आणि तेवढ्यात नटाने केबलींच्या जंजाळातून पळत, वाटेत शर्ट बदलत, पुढच्या खोलीत जाऊन शांतपणे चहा पीत बसायचं. तासातून जाहिराती वजा केल्या की पन्नास-बावन्न मिनिटं उरत. तीन अंक. चूक झाली तर ती देशासमोर झाली. पुसायची सोय नव्हती, कारण नोंदवायचीच धड सोय नव्हती. अ‍ॅम्पेक्सचं व्हिडिओटेप यंत्र १९५६मध्ये आलं. त्याआधी मॉनिटरच्या काचेसमोर चित्रपटाचा कॅमेरा लावून उतरवलेली धुरकट प्रत, तिला किनेस्कोप म्हणत, एवढाच पुरावा. मुंबई दूरदर्शनच्या सुरुवातीच्या वर्षांत वरळीच्या स्टुडिओत काम केलेल्यांना यातलं बरंच काही ओळखीचं वाटेल.

आता यातून कोणत्या प्रकारचं नाटक जन्मेल? दोन-तीन खोल्या, पाच-सहा पात्रं. घोडे नाहीत, समुद्र नाही, गर्दी नाही. पडदा वीतभर, त्यामुळे माणसाचा चेहरा हाच खरा देखावा. को आणि त्यांच्या लेखकांनी या अडचणींची यादी घेतली आणि तिलाच लेखनाचे नियम करून टाकलं. मोठी घटना नकोच, स्वयंपाकघरात बसलेल्या माणसाच्या मनात जे हलतं तेवढं पुरे. मार्च १९५३मध्ये हॉर्टन फूट यांचं ‘द ट्रिप टू बाउंटिफुल’ झालं. मुलगा-सुनेच्या शहरातल्या दोन खोल्यांत घुसमटलेली म्हातारी मरण्याआधी एकदा आपलं गाव बघायला पळून जाते, एवढीच गोष्ट. म्हातारीचं काम केलं मूकपटांच्या काळातल्या महाराणीने, लिलियन गिश यांनी. बसमधली सोबतीण होती तेव्हा नवखी असलेली ईव्हा मेरी सेंट.

आणि त्याच वर्षी २४ मे रोजी ‘मार्टी’. त्या आठवड्यासाठी ठरलेली दुसऱ्या लेखकाची संहिता वेळेवर आली नाही. को यांनी चायेफ्स्कींना विचारलं. चायेफ्स्कींना काही दिवसांपूर्वी एका हॉटेलच्या नाचघरात, जिथे दुसऱ्याच नाटकाची तालीम चालली होती, भिंतीवरची एक पाटी दिसली होती. तिथे भरणाऱ्या एकाकी लोकांच्या क्लबाने लावलेली; विचारणाऱ्या पुरुषाला नाचायला नाही म्हणू नका, त्यांनाही मन असतं, अशा अर्थाची. त्यावरून ब्रॉन्क्समधल्या एका छत्तीस वर्षांच्या, जाडजूड, बिनलग्नाच्या खाटकाची गोष्ट उभी राहिली. तालीम सुरू झाली तेव्हा तिसरा अंक लिहून व्हायचा होता. मूळ शीर्षक ‘लव्ह स्टोरी’. ते वाहिनीला पटेना म्हणून नायकाचं नावच दिलं. रॉड स्टायगर आणि नॅन्सी मर्चंड यांनी कामं केली, दिग्दर्शन डेल्बर्ट मान यांचं.

मराठी वाचकाला ‘मार्टी’तली आई परकी वाटणार नाही. पोराने लग्न करावं म्हणून ती सारखी मागे लागलेली असते, त्याला नाचायला जबरदस्तीने पाठवते. आणि त्याला खरोखर एक मुलगी आवडते तेव्हा ही बाई हबकते, कारण तेवढ्यात तिच्या बहिणीला सुनेने घराबाहेर काढलेलं असतं. मग त्या मुलीत खोट काढणं सुरू. मुलगी दिसायला बरी नाही, आपल्यातली नाही. चायेफ्स्की यातलं काही ठासून सांगत नाहीत. बाई भांडी आवरता आवरता बोलत राहते, एवढंच.

दोन वर्षांनी मान यांनीच त्याचा चित्रपट केला. अर्नेस्ट बोर्गनाइन नायक. कान महोत्सवाचं पहिलं सुवर्णपर्ण त्याला मिळालं, शिवाय सर्वोत्कृष्ट चित्रपटासह चार ऑस्कर. टेलिव्हिजनच्या नाटकावरून हॉलीवूडने चित्रपट करावा आणि तो अशी बाजी मारावी, हे तेव्हा नवलाचं होतं. मात्र या चित्रपटाच्या श्रेयनामावलीत को यांचं नाव नाही. ज्याने संहिता लिहवून घेतली, दिग्दर्शक आणून बसवला, त्याला त्या रात्री टाळ्या वाजवायला जागा होती ती प्रेक्षकांतच.

को यांच्या पदरी एवढंच होतं असं समजू नये. ‘मिस्टर पीपर्स’ ही लाजऱ्याबुजऱ्या शाळामास्तराची विनोदी मालिका त्यांची. वॉली कॉक्स यांनी तो मास्तर घरोघरी पोचवला. ‘प्रोड्यूसर्स शोकेस’ या भव्य रंगीत कार्यक्रमांच्या मालेतही ते होते. तिथे ७ मार्च १९५५ला मेरी मार्टिन यांचं ‘पीटर पॅन’ थेट प्रक्षेपित झालं आणि तेव्हाच्या अंदाजानुसार साडेसहा कोटी लोकांनी ते पाहिलं. पुन्हा दाखवा अशी मागणी आली तेव्हा दाखवण्याजोगी टेप नव्हती. म्हणून जानेवारी १९५६मध्ये सगळ्यांना गोळा करून, पुन्हा तारांना टांगून, ते अख्खं नाटक पुन्हा केलं. त्याआधी काही महिने, १९५५मध्येच, ‘प्लेराइट्स ५६’ या त्यांच्या मालिकेत हेमिंग्वेच्या ‘द बॅटलर’ या कथेचं नाट्य होणार होतं. खचलेल्या मुष्टियोद्ध्याचं काम जेम्स डीनकडे. सप्टेंबरअखेर डीन मोटार अपघातात गेला. प्रयोग १८ ऑक्टोबरला. दुसऱ्या भूमिकेसाठी घेतलेल्या पॉल न्यूमनला पुढे केलं, आणि त्या तासाभराने न्यूमनच्या नशिबाची दारं उघडली.

मग हे सगळं संपलं कसं? ‘पैशामुळे’ असं एका शब्दात सांगण्याचा मोह होतो, पण गुंता जास्त आहे. १९५०मध्ये अमेरिकेतल्या जेमतेम दहात एका घरी टीव्ही होता. दहा वर्षांत दहातली जवळपास नऊ घरं झाली. पहिले प्रेक्षक मोठ्या शहरांतले, नाटकाची सवय असलेले. नंतरच्यांना नाटकाचं देणंघेणं असेलच असं नव्हतं. जून १९५५मध्ये ‘चौसष्ट हजार डॉलरचा प्रश्न’ ही प्रश्नमंजूषा आली आणि नाटकाच्या खर्चाच्या अंशात दुप्पट गर्दी खेचता येते हे सगळ्यांना कळलं. हॉलीवूडने आपला रुसवा सोडला आणि फिल्मवर चित्रित केलेल्या मालिका, विशेषतः घोड्यावरचे नायक, पुरवायला सुरुवात केली. फिल्म पुन्हा दाखवता येते, परदेशी विकता येते. थेट नाटक त्याच रात्री विझतं.

शिवाय प्रायोजकाला ही नाटकं मनातून कधीच रुचली नव्हती. एका आठवड्यात टेक्सासमधल्या आंधळ्या म्हातारीची गोष्ट, पुढच्या आठवड्यात टेक्सासमधल्या आंधळ्या तरुणीची, अशी प्रायोजकांच्या माणसांची कुरकुर असे, असा किस्सा त्या वर्तुळात सांगत. माध्यम-इतिहासकार एरिक बार्नो यांनी याचं कारण नेमकं पकडलं आहे. जाहिरातीत प्रत्येक दुःखावर उपाय असतो, आणि तो बाटलीत किंवा डब्यात मिळतो. चायेफ्स्कींच्या पात्राची अडचण कुठल्याच साबणाने सुटणारी नसते. दोन्ही एका तासात शेजारी ठेवले की जाहिरात खोटी दिसायला लागते.

एक टीकाही इथे नोंदवायला हवी. को यांच्या नाटकांतला माणूस नेहमी घरात असतो. त्याची आई, त्याची बायको, त्याचं एकटेपण. त्याचा मालक, त्याचं सरकार, शेजारच्या वस्तीतला काळा माणूस, हे क्वचितच दाराशी येतात. १९५०मध्ये ‘रेड चॅनेल्स’ ही डाव्या विचारांच्या संशयावरून कलावंतांना काळ्या यादीत टाकणारी पुस्तिका निघाली होती, आणि वाहिन्या नाव तपासल्याशिवाय काम देत नव्हत्या. अशा हवेत मनाच्या खोलीत शिरणं ही कला होती, तसाच तो आडोसाही होता. सिडनी पॉइटिये यांना घेऊन गोऱ्या-काळ्यांच्या मैत्रीचं ‘अ मॅन इज टेन फीट टॉल’ हे नाटक त्याच फिल्को मालिकेत झालं ते ऑक्टोबर १९५५मध्ये, को तिथून गेल्यानंतर. त्यांच्यावर प्रेम करणाऱ्या लेखनात हा मुद्दा बहुधा निसटतो.

पुढची कारकीर्द मी भराभर सांगतो. एनबीसीशी त्यांचं फाटलं. १९५८च्या ऑक्टोबरमध्ये सीबीएसच्या ‘प्लेहाउस ९०’साठी त्यांनी जे. पी. मिलर यांचं ‘डेज ऑफ वाइन अँड रोझेस’ केलं. दारूत बुडत जाणाऱ्या जोडप्याची ती कहाणी जॉन फ्रँकनहायमर यांनी दिग्दर्शित केली आणि ती आजही अंगावर येते. ब्रॉडवेवर ‘टू फॉर द सीसॉ’, ‘द मिरॅकल वर्कर’, पुलित्झर मिळालेलं ‘ऑल द वे होम’, ‘अ थाउजंड क्लाउन्स’. ‘फिडलर ऑन द रूफ’च्या आरंभीच्या खटपटीत तेच निर्माते होते, पण पैसा उभा राहिना आणि ते हॅरॉल्ड प्रिन्स यांच्याकडे गेलं. त्या नाटकाने पुढे काय कमावलं हे सांगायला नको. १९६५मध्ये ‘अ थाउजंड क्लाउन्स’चा चित्रपट त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला, त्यात मार्टिन बाल्सम यांना ऑस्कर मिळालं. १९६९च्या ‘मी, नॅटली’मध्ये एका तरुणाला छोटंसं काम दिलं, तो अल पचिनो, त्याचा पहिला चित्रपट. नव्या नटाची पारख शेवटपर्यंत शाबूत होती, पण दिग्दर्शक म्हणून त्यांचे चित्रपट पाहताना मला असं वाटत आलं आहे की दुसऱ्याच्या प्रतिभेवर जी नजर त्यांची होती, ती स्वतःच्या कामावर तितकी तीक्ष्ण पडत नाही. २९ एप्रिल १९७९ला लॉस एंजेलिसमध्ये ते गेले तेव्हा ‘द मिरॅकल वर्कर’ची टेलिव्हिजनसाठीची नवी आवृत्ती हातात होती. पूर्वी हेलन केलर झालेली पॅटी ड्यूक तीत शिक्षिका झाली.

पुढे वाचण्याआधी एक सुचवतो. ‘मार्टी’चा किनेस्कोप शिल्लक आहे आणि मिळवता येतो. चित्रपट पाहिलेला असला तरी तो बघावा. चित्र गढूळ आहे, आवाजात खरखर आहे, एखाद्या ठिकाणी कॅमेरा नटाला शोधत किंचित चाचपडतो. बोर्गनाइनचा मार्टी आपल्याला आवडतो, त्याचं भलं व्हावं असं वाटतं. स्टायगरचा मार्टी अवघडवतो. तो रडवेला होतो तेव्हा मान दुसरीकडे वळवावीशी वाटते, आणि कॅमेरा ती वळवू देत नाही. चित्रपटाला हा अवघडलेपणा परवडला नाही. को यांनी तो रविवारी रात्री नऊ वाजता, फिल्कोशी आलटूनपालटून प्रायोजक असलेल्या, टायर विकणाऱ्या गुडइयर कंपनीच्या पैशाने, लोकांच्या बैठकीच्या खोलीत पोचवला होता.